अस्थिभंगाची दप्तरी नोंद

अमेरिकेतील रुग्णालयांत १ ऑक्टोबर २०१५ पासून जी रोगसंकेतावली अमलात आली, तिच्या दप्तरी कोपरापासून मनगटापर्यंतच्या हाडांचा भंग ‘एस ५२’ या सदरात नोंदला जातो. परंतु भंगस्थानापर्यंत पोचणारी जखम कातडीवर आहे की नाही, म्हणजे भंग उघडा की बंद, हा जिवाशी गाठ घालणारा प्रश्न संकेताच्या सातव्या, अखेरच्या अक्षरावर सोपवलेला असतो. गस्टिलो व अँडरसन यांनी १९७६ साली केलेल्या उघड्या भंगांच्या वर्गवारीत एक सेंटिमीटरहून लहान, स्वच्छ जखम पहिल्या प्रकारात पडते, तर जिच्यात रोहिणी फाटून तिची दुरुस्ती अपरिहार्य होते, ती तिसऱ्याच्या, पुढील काळात पाडलेल्या, शेवटच्या पोटप्रकारात. मूळ उपचार चालू असता पहिल्या दोन प्रकारांस सातवे अक्षर ‘बी’ मिळते, तिसऱ्यास ‘सी’. गंमत अशी, की डॉक्टरांनी भंग उघडा की बंद हे लिहिलेच नाही, तर संकेतलेखकाने तो मुकाट्याने बंद धरावा, असा तिथला दंडक आहे.