सत्तर अंशांची वायर

धानोऱ्यात काय किंवा गडचिरोलीत काय, वायर घेताना गिऱ्हाईक आधी तांब्याची चौकशी करतं. तांबं चोख आहे ना, तार किती जाड, बंडल कितीला? वरच्या रबराबद्दल सहसा कुणी विचारत नाही. खरं तर वाहत्या विजेपासून आपल्याला वाचवायला मध्ये तेवढंच असतं: दीड चौरस मिलिमीटरच्या वायरवर जेमतेम ०.७ मिलिमीटर पीव्हीसी.

घरगुती वायरीचं भारतीय मानक आयएस ६९४, आणि त्या पीव्हीसीचं वेगळं, आयएस ५८३१. मला हे दुसरं जास्त मोलाचं वाटतं. त्यानुसार साध्या प्रकारच्या आवरणाचा तुकडा ८० अंश सेल्सियसच्या भट्टीत सलग १६८ तास, म्हणजे अख्खे सात दिवस ठेवतात आणि मग ताणून बघतात. ताज्या तुकड्याच्या तुलनेत त्याची ताकद किंवा ताण २० टक्क्यांहून जास्त बदलला, की माल नापास. ताजा तुकडा तर मूळ लांबीच्या अडीचपट होईपर्यंत तुटता कामा नये. एवढी कसोटी कशाला? पीव्हीसी मुळात कडक असतं, त्यात प्लॅस्टिसायझर मिसळून ते मऊ करतात. उष्णतेने तो हळूहळू उडून जातो, आवरण ठिसूळ होतं आणि वायर वाकवली की तडे जातात. भरमसाट खडूची पूड घालून स्वस्त केलेलं आवरण असं लवकर दगा देतं.

साध्या पीव्हीसीत तारेला ७० अंशांपर्यंतच तापायची मुभा आहे. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४५च्या पुढे जातो आणि टिनाखाली त्याहून वर. ५० धरले, तर विजेने वायर तापायला उरले २० अंश. तक्त्यातला अँपिअरचा आकडा मात्र त्याहून थंड हवेसाठी असतो. म्हणून कूलरला आणि मोटरला वायर एक माप जाड घ्यावी, हे वायरमनलाही ठासून सांगायला हवं.

खांबावरच्या लाईनीसाठी याहून चांगला पर्याय आहे. एक्सएलपीई, म्हणजे साखळ्या एकमेकींना जोडलेलं पॉलिथिन, ९० अंश कायम सोसतं आणि शॉर्ट सर्किटच्या क्षणी २५०. पीव्हीसीची तिथली मर्यादा साधारण १६०. खांबांवरून नेण्याच्या एरियल बंच केबलला (आयएस १४२५५) हेच आवरण असतं, उन्हाने खराब होऊ नये म्हणून कार्बन मिसळून काळं केलेलं. फांदी टेकली तरी उघड्या तारेसारखी लाईन ट्रिप होत नाही. मुरूमगावकडच्या जंगलातून जाणाऱ्या लघुदाब लाईनी अशाच असाव्यात, असं माझं ठाम मत आहे. खर्च जास्त येतो, पण पावसाळ्यात फांद्या पडायच्या थांबत नाहीत.

घरासाठी बंडल घेताना आयएसआयची खूण आणि तिच्यासोबतचा सीएम/एलने सुरू होणारा परवाना क्रमांक बघा. ‘बीआयएस केअर’ ॲपवर तो टाकला की परवाना कोणाचा आणि चालू आहे की नाही, ते कळतं. २००३च्या सरकारी आदेशापासून घरगुती पीव्हीसी वायरींना ही खूण सक्तीची आहे.

पण कसोटी कारखान्यातल्या वायरीची होते, आपल्या घरातल्या जोडाची नाही. सर्व्हिस वायर टिनाच्या धारेवर टेकते तिथे आवरण आधी घासतं आणि ओल्या दिवसांत टिनातच करंट उतरतो. तिथे पाईप घाला, भिंतीतून नेतानाही पाईपातूनच न्या, आणि मेन स्विचजवळ ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी, म्हणजे करंट गळताच लाईन तोडणारा स्विच, बसवून घ्या.