बाराशिंगा आणि त्याचें कुरण

शाळेंत शिकवीत असतांना मी मुलांना नेहमीं सांगत असें, "बंदूक थांबवा, म्हणजे वनांतील पशु वांचतील." तें अर्धेंच सत्य होतें. उरलेलें अर्धें मला कान्हाच्या बाराशिंग्यानें शिकविलें. तेंच आज आपणांस सांगावयाचें आहे.

मध्यप्रदेशांतील कान्हा हें अरण्य १९५५ सालीं राष्ट्रीय उद्यान झालें व तेथील पशूंस कायद्याचें संरक्षण मिळालें. तरीहि १९७० सालच्या मोजणींत तेथें अवघे ६६ बाराशिंगे आढळले. तराईंतील त्यांचे भाऊबंद दलदलींत राहतात. हे मात्र कठीण भूमीवर वावरणारे. या पोटजातीचे रानांत एवढेच प्राणी उरले होते.

मग ऱ्हासाचें कारण काय? जॉर्ज शालर यांनीं १९६३ ते १९६५ या काळांत कान्हा येथें राहून हरिणें व वाघ यांचा अभ्यास केला. वाघाच्या विष्ठेंतील केंस तपासून तो कोणते प्राणी खातो, हेंहि त्यांनीं पाहिलें. पुढें क्लॉड मार्टिन या स्विस शास्त्रज्ञांनीं बाराशिंग्यांच्या राहणीचें बारकाईनें निरीक्षण केलें. अशा धीम्या कामांतूनच उत्तर मिळतें. चितळ गवताबरोबर पाला व फळेंहि खातो. बाराशिंगा जवळजवळ केवळ गवतावर जगतो. शिवाय पावसाळ्याच्या अखेरीस जन्मणारें त्याचें पाडस उंच गवतांतच दडून राहतें. गुरांनीं कुरण खुरटें केलें किंवा आगीनें तें जळालें, कीं अन्न व आडोसा दोन्ही एकदम नाहींशीं होतात. बंदुकीचा बार न होतांहि वंश खुंटतो!

म्हणून कुरणांवरील चराई थांबविण्यांत आली, हिंस्र पशूंस शिरतां येणार नाहीं असें एक कुंपण उभारलें गेलें, आणि सोंफसारखीं गांवें उद्यानाबाहेर हलविलीं गेलीं. सोडलेल्या शेतांवर गवत वाढलें व बाराशिंगे तेथें पसरले. आज त्यांची संख्या हजाराच्या घरांत आहे. एखाद्या सांथीनें सारा वंश बुडूं नये म्हणून २०१५ पासून कांहीं प्राणी सातपुड्याच्या व्याघ्रप्रकल्पांतहि नेण्यांत आले.

परंतु या यशाचा जमाखर्च मांडतांना एक रक्कम वगळतां येत नाहीं. कान्हांतून उठलेल्या बैगा व गोंड कुटुंबांनीं आपलीं घरें व शेतें सोडलीं. बाराशिंग्यास कुरण परत मिळालें. त्या कुटुंबांस काय मिळालें, हेंहि आपण तितक्याच आस्थेनें विचारलें पाहिजे. तेवढें मनांत ठेवावें, ही विनंती.