‘चाल : नाथ हा माझा’ : कालनिर्णयाचें एक उपेक्षित साधन

यवतमाळ, वणी, दारव्हा, पुसद इत्यादि ठिकाणच्या जुन्या घरांतील दफ्तरें धुंडाळतांना पदांच्या हस्तलिखित वह्या हातीं लागण्याचा संभव असतो. अशा वह्यांवर पुष्कळदां शक नसतो, लेखकाचें नांवही नसतें; म्हणून संग्राहक त्या बाजूस सारतात आणि अखेर त्या रद्दींत जातात. परंतु एखाद्या भजनाच्या अथवा गणेशोत्सवांतील मेळ्याच्या पदाच्या शिरीं ‘चाल : नाथ हा माझा’ असें लिहिलेलें आढळल्यास त्या एका ओळींत कालाचा पुरावा असतो. तो कसा, हें येथें सांगावयाचें आहे.

सदरहू पद कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांच्या ‘संगीत स्वयंवर’ नाटकांतील होय. गंधर्व नाटक मंडळीनें हें नाटक १९१६ सालीं रंगभूमीवर आणिलें. पदांस चाली भास्करबुवा बखले यांनीं दिल्या. रुक्मिणीच्या भूमिकेंत बालगंधर्व हें पद यमन रागांत गात. पुढें तें नाटकापासून सुटून मैफलींत व ग्रामोफोनच्या तबकड्यांवर गेलें, आणि ज्यांनीं नाटक कधीं पाहिलें नव्हतें त्यांच्याही तोंडीं बसलें. कालांतरानें कुमार गंधर्वांनीं ‘मला उमजलेले बालगंधर्व’ या कार्यक्रमांत बालगंधर्वांचीं पदें आपल्या रीतीनें मांडिलीं.

नाटक मागें राहून पद पुढें जाण्याचा हा प्रकार केवळ आपल्याकडीलच नव्हे. अमेरिकेंत जेरोम कर्न यांचें ‘ऑल द थिंग्ज यू आर’ हें गीत १९३९ सालच्या ‘व्हेरी वॉर्म फॉर मे’ या संगीत नाटकांतील. नाटक अवघ्या ५९ प्रयोगांनंतर बंद पडलें. गीत मात्र जाझ वादकांच्या नित्य पाठांत राहिलें. १९४७ सालीं चार्ली पार्कर यांनीं त्याच्याच स्वरसंगतीवर ‘बर्ड ऑफ पॅराडाइझ’ ही रचना ध्वनिमुद्रित केली. तिचें वर्ष ठाऊक नसतें, तरी ती १९३९ च्या आधींची नव्हे, एवढें निश्चित सांगतां आलें असतें.

तोच न्याय आपल्या वह्यांस लावावा. वरील चालीचा निर्देश ज्या पानावर आहे तें पान १९१६ पूर्वींचें असूं शकत नाहीं. ही पूर्वमर्यादा झाली. उत्तरमर्यादा कागद, अक्षरवळण इत्यादि अन्य साधनांनीं ठरवावी लागेल.

मात्र तीन गोष्टींत सावध राहिलें पाहिजे. पहिली, नाट्यपदांच्या चाली पुष्कळदां जुन्या चिजांवरून घेतलेल्या असतात. १९११ च्या ‘मानापमाना’साठीं गोविंदराव टेंबे यांनीं पूरबी ढंगाच्या ठुमरी-कजरीचा आधार घेतला होता. म्हणून नुसतें रागाचें किंवा मूळ चिजेचें नांव असल्यास कांहींच सिद्ध होत नाहीं. नाट्यपदाचाच निर्देश पाहिजे. दुसरी, चालीची ओळ निराळ्या शाईनें वा हातानें लिहिलेली असेल, तर काल त्या ओळीचा ठरतो, खालील पदाचा नव्हे. तिसरी, वही अनेक वर्षें लिहिली गेलेली असूं शकते. एका पानाचा निर्णय सबंध वहीस लागू करूं नये.

सूची करितांना पदाचा आरंभ तेवढा उतरून घेऊन चालीची ओळ गाळण्याची चूक सहज होते. संग्राहकांनीं ती ओळ, तिच्या शाईच्या व अक्षराच्या नोंदीसह, अवश्य उतरून घ्यावी, एवढी आमची विनंती आहे.