कॅमेरा किती उंचीवर?

पहाटे 5. महाडच्या लॉजवर पहिलं काम भिंगं पुसण्याचं. पावसाळी हवेत काचेवर बाष्प धरतं आणि 360 अंशांच्या कॅमेऱ्यात एक भिंग धुरकटलं तरी तेवढी दिशा वाया जाते. निर्मातीने पैशांची जुळवाजुळव करायची, असं लोकांना वाटतं. आमच्या प्रकारात, म्हणजे हेडसेट घालून बघायच्या 360 अंशांच्या माहितीपटात, निम्मा दिवस परवानग्यांत जातो आणि उरलेला लपण्यात. कॅमेरा चहूकडे बघतो, त्यामुळे शूट सुरू झालं की सगळ्यांनी भिंतीआड पळायचं.

6.30. बाजारपेठ, दुकानं उघडायच्या आत. जुलै 2021च्या पुरात इथले तळमजले बुडाले. महाबळेश्वरचा पाऊस सावित्रीतून खाली येतो, बाणकोटच्या खाडीला भरती असली की त्याला पुढे वाट मिळत नाही, मग पाणी गावात शिरतं. एका दुकानदारदादांनी भिंतीवरची पाण्याची खूण दाखवली. माझ्या डोक्याच्या बरीच वर. कॅमेरा माणसाच्या नजरेच्या उंचीवर लावला. हेडसेट घातलेल्याने मान वर करून ती खूण स्वतः शोधावी; निवेदन घालणार नाही.

9. पोलादपूर. चहा, वडापाव, डिझेल.

10.30. केवनाळे. त्याच पावसात तळिये गावासारखीच इथेही दरड आली आणि माणसं गेली. ज्या काकींना भेटायचं होतं त्या पडवीत बसल्या होत्या. स्टँड उभा केला तशा म्हणाल्या, "त्याला उभं कशाला ठेवलंस? बसव की खाली. आणि तू च्या घे आधी."

चहा घेतला आणि स्टँड खाली आणला, बसलेल्या माणसाच्या डोळ्यांपर्यंत. एवढ्याने सगळं बदललं. उभा पाहुणा चौकशीला आल्यासारखा वाटतो. बसलेल्याला माणूस सांगतो. काकींना एका भिंगाच्या बरोबर समोर घेतलं, कारण दोन भिंगांच्या सांध्यावर चेहरा आला तर स्टिचिंगमध्ये, म्हणजे चित्रं एकमेकांना जोडताना, तुटतो. मग आम्ही घरामागे गेलो. त्या बराच वेळ बोलल्या, मध्येच कोंबड्यांना हाकललं, पुन्हा बोलल्या. कोंबड्या कापायच्या नाहीत.

दुपारी 3. रेंज आल्यावर पैसे देऊ पाहणाऱ्यांचा फोन. दरड अंगावर येताना संगणकावर उभी करा, म्हणतात. मी नाही म्हटलं. खुशबू रांका यांच्या 2016च्या 'राइट टू प्रे'मध्ये प्रेक्षक त्र्यंबकेश्वरच्या मंदिराच्या गाभाऱ्यात प्रवेश मागणाऱ्या बायकांमध्ये जाऊन पोचतो. या माध्यमाचं बळ तिथे आहे, शेजारी उभं राहण्यात. ज्यांची माणसं मातीखाली गेली, त्यांच्या गावात मरणाचा थरार विकायला मी येणार नाही, बजेट अर्ध्यावर आलं तरी.

रात्री 9. फूटेज दोन डिस्कांवर उतरवलं. पडवीचा भाग कच्चा जोडायला घेतलाय. उद्या सकाळी तो हेडसेटवर काकींना आणि त्यांच्या सुनेला दाखवायचा. त्या हो म्हणाल्या तरच राहील.