चला, भिवंडी पायी बघू (आणि खाऊसुद्धा!)

"तू कुठला रे?"
"राहनाळ."
"हे कुठे आलं?"
"भिवंडीला लागून."
"बाप रे! भिवंडी?"

मित्रांनो, पहिल्या वर्षी हा संवाद माझ्या नशिबी किमान पन्नास वेळा आला असेल. त्या 'बाप रे' मध्ये तीन गोष्टी असतात : दंगल, ट्रॅफिक आणि गोडाऊन. चौथी गोष्ट कुणालाच माहीत नसते. शेवटी एक दिवस वैतागून मी होस्टेलच्या पाच जणांना म्हटलं, "एक रविवार द्या. चपला मजबूत घाला आणि सकाळी नाश्ता करून येऊ नका. बाकीचं माझ्यावर सोडा."

ही कल्पना काही माझ्या डोक्यातून निघालेली नाही. व्हिएतनामच्या हनोई शहरात कॉलेजातल्या मुलामुलींचा 'हनोईकिड्स' नावाचा गट २००६ पासून पाहुण्यांना फुकट शहर फिरवतो. पाहुण्याला शहर कळतं, मुलांचं इंग्रजी सुधारतं. तिथल्या रस्त्यावर मिळणारा 'बान्ह मी' हा पदार्थ घ्या. पाव फ्रेंचांनी आणलेला, आतलं सारण आणि कोथिंबीर तिथली. फ्रेंच राजवट गेली, पाव राहिला. म्हणजे काय, तर एका घासात शंभर वर्षांचा इतिहास! मग मला वाटलं, आपल्या भिवंडीच्या ताटात काय कमी इतिहास आहे?

तर ही घ्या आमच्या फेरीची हकिकत. अंतर साधारण चार-पाच किलोमीटर, वेळ अर्धा दिवस.

थांबा १ : राहनाळ – भात, भाकरी आणि गोडाऊन

दिवा-वसई मार्गावरच्या भिवंडी रोड स्टेशनवर उतरलात की तुम्ही आमच्याच पट्ट्यात येता. राहनाळ, पूर्णा, काल्हेर, वळ ही मूळची आगरी वस्तीची गावं. खाडीजवळची भातशेती आणि मासेमारी हा इथला जुना धंदा. आज तिथे पत्र्याच्या छपरांची गोडाऊनं आहेत. तुम्ही ऑनलाइन मागवलेला मोबाइल कदाचित आमच्या गावावरूनच तुमच्याकडे आला असेल.

गोडाऊनं इथेच का? कारण साधं आहे. मुंबईत माल शिरला की जकात भरावी लागायची. म्हणून व्यापाऱ्यांनी माल हद्दीच्या बाहेर, पण मुंबईला जवळ अशा ठिकाणी साठवायला सुरुवात केली. जमीन स्वस्त, एका बाजूला नाशिक महामार्ग, दुसऱ्या बाजूला ठाणे, आणि न्हावाशेवा बंदरही आवाक्यात. १ जुलै २०१७ ला जीएसटी आला आणि मुंबईची जकात गेली. पण तोवर गोडाऊनं इतकी वाढली होती की ती हलली नाहीत, उलट आणखी मोठी झाली.

आमच्या घरी नाश्त्याला तांदळाची गरम भाकरी आणि कांद्यावर परतलेला जवळा होता. आजीने भाकरी थापता थापता खिडकीतून बोट दाखवलं, "ते निळं छप्पर दिसतं ना, तिथं आपलं भात व्हायचं." आता तांदूळ दुकानातून येतो. पुण्याचा मित्र एकदम गप्प झाला. मग त्याने तिसरी भाकरी मागितली.

थांबा २ : वऱ्हाळ तलाव आणि पद्मनगर

अंजूरफाट्यावरून मेट्रो ५ च्या खांबांच्या सोबतीने चालत आम्ही कामतघरला आलो. इथला वऱ्हाळदेवीचा तलाव म्हणजे भिवंडीची मोकळी हवा. यंत्रमागांच्या शहरात एवढं पाणी असेल असं कुणाला वाटत नाही.

जवळच पद्मनगर. इथे दुकानांच्या पाट्या एकदम तेलुगूत दिसायला लागतात. तेलंगणातला विणकर पद्मशाली समाज मागावरच्या कामासाठी इथे येऊन स्थायिक झाला. नवरात्राच्या दिवसांत बायका फुलांची उतरंड रचून तिच्याभोवती फेर धरतात, तो बतुकम्माचा सण. संक्रांतीच्या सुमारास तांदळाच्या पिठाची, तीळ घातलेली, वेटोळ्यांची सकिनालू तळली जातात. आम्ही गेलो तेव्हा संक्रांत नव्हती, म्हणून गाडीवरच्या मिरची भजीवर भागवलं. भागवलं म्हणजे काय, डोळ्यांतून पाणी आलं!

थांबा ३ : कारखाना – खटाक् खट, खटाक् खट

भिवंडीत 'कारखाना' म्हणजे यंत्रमागाचा कारखाना, दुसरा नाही. (फेरी शुक्रवारी ठेवू नका, त्या दिवशी बरेच कारखाने बंद असतात.) ओळखीच्या एका शेठना विचारून आम्ही आत गेलो. आत बोलायचं असेल तर कानाला तोंड लावूनच.

हा आवाज येतो कुठून? आपण मेकॅनिकलवाले, तेव्हा थोडं खोलात जाऊ. मागावर उभे धागे असतात तो ताणा, आडवा धागा तो बाणा. माग एका फेरीत तीन कामं करतो. आधी ताण्याचे धागे वर-खाली करून मधे फट उघडतो. मग त्या फटीतून धोटा (कारागीर त्याला शटल म्हणतात) या टोकापासून त्या टोकाला फेकतो. शेवटी फणीने नवा धागा आधीच्या कापडावर ठोकून बसवतो. गंमत अशी की जो धागा न्यायचा त्याचं वजन जवळजवळ शून्य, पण त्याच्यासाठी पाव-अर्धा किलोचा धोटा दर वेळी ठोसा मारून पळवायचा आणि पलीकडे आपटून थांबवायचा! त्याला दिलेली बहुतेक ऊर्जा आवाज, उष्णता आणि झीज यांतच जाते. कामाच्या जागी आठ तासांसाठी ९० डेसिबल ही मर्यादा मानली जाते. इथे पाळी असते बारा तासांची.

आता हिशोब. मिनिटाला १२० धागे टाकणारा माग धरा आणि इंचाला ६० धागे लागणारं कापड धरा. म्हणजे मिनिटाला २ इंच, तासाला १२० इंच, साधारण ३ मीटर. बारा तासांत न थांबता ३६ मीटर. धागे तुटतात, कांडी संपते, वीज जाते. म्हणून ८० टक्के धरा, २९ मीटर. कारागिराची मजुरी मीटरवर, त्यामुळे तो एकटा सहा-आठ माग सांभाळतो. तुटलेला धागा दिसला की पळतो, जोडतो, माग चालू करतो. एअरजेट मागात धोटाच नसतो, हवेच्या झोताने धागा पलीकडे जातो आणि मिनिटाला ६०० किंवा त्याहून जास्त धागे पडतात. म्हणजे एक नवा माग पाच जुन्यांचं काम करतो. जुने माग भंगारात का निघालेत, ते या एका भागाकारात कळतं. चार जणांचं काय होतं, ते मात्र भागाकारात कळत नाही.

हे शहर मागांचं झालं कसं? १८५७ च्या उठावानंतरच्या काळात उत्तर प्रदेशातले मोमिन विणकर हातमाग घेऊन भिवंडी, मालेगावकडे आले. १९३० च्या दशकात वीज आणि तिच्यामागोमाग यंत्रमाग आले. मग १८ जानेवारी १९८२ ला मुंबईच्या गिरण्यांचा संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार घरी बसले, पण कापडाची मागणी घरी बसली नाही. ती इकडे वळली. परळ-लालबागची धुरांडी थंड झाली आणि भिवंडीची खटखट वाढली. दोन्ही गोष्टी एकाच वेळी घडल्या, हे आपण विसरतो.

थांबा ४ : बिस्सी

बिस्सी म्हणजे कामगारांची खाणावळ. महिन्याचे पैसे ठरवून द्यायचे आणि दोन वेळ जेवायचं. पुष्कळ कारागीर गाव सोडून एकटेच येतात. खोलीत पाळीपाळीने झोपतात, जेवायला बिस्सीत येतात. आमच्या पुढ्यात डाळ, भात, रोटी आणि बटाट्याची भाजी आली. साधं जेवण, पण वाढणारा "और लो, और लो" म्हणत राहिला.

शेजारी बसलेल्या आजमगढच्या कारागिराने २०२० ची गोष्ट सांगितली. मार्चमध्ये टाळेबंदी लागली, माग बंद, मजुरी बंद. काही दिवसांनी बिस्सीही बंद. "माग बंद चालतो, बिस्सी बंद झाली की माणूस गावाकडेच जाणार," तो म्हणाला. मे महिन्याच्या उन्हात नाशिक महामार्गाने उत्तरेकडे चालत निघालेली माणसं आपण सगळ्यांनी टीव्हीवर पाहिली. त्यांच्यात हा होता. तो परत आला आणि आमच्या ताटात रोटी वाढायला सांगत होता.

थांबा ५ : तीनबत्ती, मंडई आणि तो नको असलेला विषय

मंडईच्या गर्दीत मित्राने शेवटी विचारलंच, "दंगल कुठे झाली होती?" हा प्रश्न टाळून भिवंडी दाखवता येत नाही. मे १९७० मध्ये शिवजयंतीच्या मिरवणुकीच्या दिवशी दंगल झाली. तिच्या चौकशीसाठी न्यायमूर्ती मादन आयोग नेमला गेला. मे १९८४ मध्ये पुन्हा झाली. माणसं मेली, माग जळले, घरं जळली. हे खरं आहे, लपवण्यात अर्थ नाही.

पण पुढची गोष्ट कुणी सांगत नाही. १९८८ मध्ये सुरेश खोपडे पोलीस उपायुक्त म्हणून इथे आले. त्यांनी मोहल्ल्यामोहल्ल्यांत समित्या उभ्या केल्या. दोन्ही समाजांची साधी माणसं, दुकानदार, कारागीर, शिक्षक आणि त्या भागाचा पोलीस असे सगळे एकत्र बसायचे. भांडण नळाचं असो की पार्किंगचं, ते मोठं होण्याआधी तिथेच मिटवायचं. आपल्या भाषेत सांगायचं तर प्रेशर वाढायच्या आत सेफ्टी व्हॉल्व्ह! डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ मध्ये मुंबई पेटली तेव्हा भिवंडी शांत राहिली. ज्या शहराचं नाव ऐकून लोक 'बाप रे' म्हणतात, त्याच शहराने मुंबईला 'मोहल्ला कमिटी' हा शब्द दिला.

विषय जड झाला, म्हणून सीख कबाब आणि रोटी. शाकाहारी मित्रासाठी मातीच्या वाटीतली फिरनी. त्याने दोन संपवल्या.

थांबा ६ : बंदर मोहल्ला

माग येण्याच्या कितीतरी आधी भिवंडी हे बंदर होतं. कामवारी नदी खाडीला मिळते, त्या वाटेने गलबतं यायची आणि तांदूळ, लाकूड, सुकी मासळी यांचा व्यापार चालायचा. म्हणूनच २४ ऑक्टोबर १६५७ ला शिवाजी महाराजांनी कल्याण आणि भिवंडी स्वराज्यात आणली. समुद्राकडे जाणारी वाट हातात आली आणि कल्याणच्या खाडीत आरमाराची पायाभरणी झाली. आज कामवारीकडे पाहून हे पटत नाही. पाण्याचा रंग आणि वास याबद्दल न लिहिलेलं बरं.

या भागात कोकणी मुसलमानांची जुनी घरं आहेत. त्यांची बोली मराठीच्या कुळातली. एका मित्राच्या घरी त्याच्या आजीने नारळाच्या दुधातलं मटण, वाफवलेली सांदणं आणि सोबत भाकरी वाढली. तांदळाची. गरम. हातावर थापलेली. सकाळी आमच्या घरी खाल्ली होती अगदी तीच. नाशिकच्या मैत्रिणीने विचारलं, "ही तुमच्याकडे कशी?" आजी हसून म्हणाल्या, "म्हणजे काय? भात इथलंच, पाणी इथलंच, मग भाकरी कुठली असणार?"

माझी फेरी इथे संपते. यानंतर गाइडला बोलायला काही उरत नाही.

तुम्हालाही करायची असेल तर

प्रत्येकाच्या गावात अशी एक फेरी दडलेली असते. आमच्या अनुभवावरून चार सूचना :

१. माणसं सहा-आठच ठेवा. त्याहून जास्त झाली की फेरीचा मोर्चा होतो.
२. प्रत्येक थांब्यावर एक गोष्ट आणि एक घास. नुसत्या सनावळ्या कुणाला लक्षात राहत नाहीत.
३. कारखान्यात, घरात, प्रार्थनास्थळी आधी विचारा. कामगाराचा फोटो काढण्याआधी तर नक्कीच. तो राबतोय, नमुना म्हणून उभा नाही.
४. गावाची वाईट गोष्ट लपवू नका, पण तिथेच थांबूही नका.

आपल्या एन.एस.एस. च्या शिबिरात एक दिवस यासाठी ठेवता येईल. खर्च जवळपास शून्य, शिवाय एसटीच्या तिकिटात पोट भरतं!

परतताना अंजूरफाट्यावर ट्रॅफिकमध्ये आम्ही पाऊण तास अडकलो. (हो, तेवढं मात्र खरं आहे!) दुसऱ्या दिवशी कँटीनमध्ये एकाने पुण्याच्या मित्राला विचारलं, "रविवारी कुठे होतास?"
"भिवंडीला."
"बाप रे!"
"'बाप रे' काय? भाकरी खाल्लीयेस का तिथली?"

त्या दिवशीचा चहा माझ्याकडून.