थरची संध्याकाळ आणि थरची रात्र

जैसलमेरहून निघणाऱ्या वाळवंटाच्या सहलीला दिवसाची सहल म्हणतात खरे, पण तिचा दिवस दुपारी दोन-अडीचला सुरू होतो आणि रात्री दहा-अकराला संपतो. सकाळ शहरातच जाते. रावळ जैसलने ११५६ मध्ये त्रिकूट टेकडीवर बांधायला घेतलेला पिवळ्या दगडाचा किल्ला आणि गडीसर तलाव पाहून झाले, जेवणे उरकली, की जीप दाराशी येते. सोबतचा गाइड बहुधा आसपासच्या गावातलाच असतो आणि पुष्कळदा तोच गाडीही चालवतो. हंगाम ऑक्टोबर अखेर ते फेब्रुवारी. एप्रिल ते जून या महिन्यांत पारा सहज ४५ अंशांकडे जातो आणि हवेत धूळ भरते. त्या दिवसांत ही सहल करू नये.

वाळूच्या टेकड्यांसाठी मुख्य ठिकाणे दोन. सम शहराच्या पश्चिमेला साधारण ४० किलोमीटरवर आहे आणि खुरी नैर्ऋत्येला त्याहून थोडे लांब. समच्या टेकड्या मोठ्या, पण रस्त्याच्या दोन्ही बाजूंना तंबूंच्या छावण्यांची रांग लागलेली. खुरी हे खरेखुरे नांदते गाव आहे, तिथली वाळू थोडी कमी पण गर्दीही कमी. ज्याला रात्रीचे आकाश पाहायचे आहे त्याने खुरी किंवा त्याच्याही पलीकडची एखादी निवांत टेकडी निवडावी.

वाळवंट म्हणजे जिकडे तिकडे वाळू, ही कल्पना शहर सोडल्यावर दहा मिनिटांत मोडते. थरचा मोठा भाग खडकाळ, मुरमाड माळ आहे. सोलापूर-अहिल्यानगरकडचा उन्हाळी माळ डोळ्यांसमोर आणला तर फारसे चुकत नाही. फरक पावसाचा. जैसलमेरला वर्षाला सरासरी २०० मिलिमीटरही पाऊस पडत नाही. अरबी समुद्रावरून येणारे वारे अरवलीच्या रांगेला समांतर निघून जातात, त्यांना आडवे येणारे काही नसते. म्हणून इथे जे उगवते ते काटकच असते: खेजडी, केर, रुई, फोग. खेजडीच्या शेंगा म्हणजे सांगरी, केराची फळे म्हणजे केर, आणि या दोहोंची भाजी रात्रीच्या ताटात येते. फोगाचे लाकूड आणि मुळ्या जळणासाठी इतक्या काढल्या गेल्या की आता हे झुडूप विरळ झाले आहे. चांगला गाइड ही झाडे थांबून दाखवतो. माळढोकही याच माळांवरचा. राजस्थानात त्याला गोडावण म्हणतात आणि तो त्या राज्याचा राज्यपक्षी आहे. सोलापूरजवळचे नान्नजचे माळढोक अभयारण्य ज्यांना ठाऊक आहे, त्यांना हा पक्षी किती थोडा उरला आहे हे वेगळे सांगावे लागत नाही.

वाटेत जीप कुलधराला थांबते. शहरापासून सुमारे १८ किलोमीटरवरचे हे पालीवाल ब्राह्मणांचे गाव एकोणिसाव्या शतकात ओस पडले. सरळ गल्ल्या, छपरे गेलेल्या दगडी भिंती, मधोमध देऊळ. जैसलमेरचा दिवाण सालिमसिंग याच्या जाचाला कंटाळून पालीवालांनी एका रात्रीत गाव सोडले आणि जाताना शाप दिला, ही कथा प्रत्येक गाइड सांगतो. अभ्यासक पाण्याचा तुटवडा आणि करांचा बोजा ही कारणेही पुढे करतात. शापाच्या कथेपेक्षा पाहण्यासारखी गोष्ट गावाबाहेर आहे आणि तिथे बहुतेक जीपा थांबत नाहीत, ती म्हणजे खडीन.

खडीन म्हणजे उताराच्या खालच्या अंगाला घातलेला लांबच लांब मातीचा बांध. वरच्या खडकाळ माळावर पडलेला पाऊस मुरत नाही, वाहतो. ते वाहते पाणी सोबत गाळ घेऊन बांधाशी अडते. पावसाळाभर शेतात पाणी उभे राहते, हळूहळू मुरते, आणि जमीन उघडी पडली की त्याच ओलीवर गहू किंवा हरभरा पेरतात. विहीर नाही, कालवा नाही, तरी वाळवंटात रब्बीचे पीक निघते. पालीवालांनी ही पद्धत पिढ्यान्‌पिढ्या सांभाळली आणि जैसलमेर जिल्ह्यात काही खडिनी आजही पिकतात. जानेवारीत पिवळ्या माळामध्ये अचानक हिरवागार चौकोन दिसला तर तो बहुधा खडिनीचा असतो. गाइडला सांगून दहा मिनिटे तिथे जरूर उतरावे.

चारच्या सुमारास टेकड्यांचा पायथा येतो आणि जीप सोडून उंटावर बसायचे असते. उंटावर चढणे सोपे आहे, कारण तो बसलेला असतो. कसोटी उठताना लागते. उंट आधी मागचे पाय सरळ करतो, त्यामुळे बसणारा एकदम पुढे कलतो. मग पुढचे पाय उभे राहतात आणि तो तितक्याच झटक्याने मागे येतो. म्हणून उंटवाला आधीच बजावतो: मागे रेला आणि पलाणाचा दांडा घट्ट धरा. चालू लागल्यावर उंट एका बाजूचे दोन्ही पाय जवळजवळ एकदमच पुढे टाकतो. घोड्यावर खालीवर हादरे बसतात, इथे डावी-उजवीकडे झुलणे असते. कंबर सैल सोडली की हे झुलणे अंगवळणी पडते. ताठ बसणाऱ्याची पाठ अर्ध्या तासात धरते.

उंटाचे पाऊल खाली टेकते तो क्षण जवळून पाहावा. खूर रुतावा तसे काही होत नाही. दोन बोटांखालची मऊ गादी टेकताच पसरते, भार मोठ्या जागेवर वाटला जातो आणि वाळूवर उथळ, गोलसर ठसा तेवढा उमटतो. त्याच वाळूत माणसाचा बूट घोट्यापर्यंत जातो. पापण्यांच्या केसांच्या दोन रांगा आणि हवे तेव्हा मिटणाऱ्या नाकपुड्या ही उंटाची वाळूपासूनची राखण. वशिंडात पाणी असते हा समज मात्र चुकीचा, तिथे चरबी असते. २०१४ मध्ये राजस्थानने उंटाला राज्यपशू ठरवले, तरी त्याची संख्या घटतच आहे. शेतीची आणि ओझ्याची कामे यंत्रांकडे गेली, आणि या भागातल्या कितीतरी उंटांचे पोट आता पर्यटकांवर आहे.

टेकडीच्या माथ्यावर पोहोचल्यावर सूर्य मावळायला तास-दीड तास असतो. हा वेळ फोटोंत घालवण्यापेक्षा वाळू पाहण्यात घालवावा. वाऱ्याकडची बाजू मंद चढाची आणि घट्ट असते, चढायचे ते तिकडून. दुसरी बाजू तीव्र उताराची. वाऱ्याने माथ्यापर्यंत ढकललेले कण तिथून खाली घसरतात, आणि कोरड्या वाळूचा उतार साधारण ३४ अंशांपेक्षा उभा राहू शकत नाही. त्या कडेवर बोट टेकवले की लहानशी दरड सुटते, पंख्यासारखी पसरत खाली जाते आणि थांबते. संपूर्ण टेकडी याच रीतीने, कणाकणाने पुढे सरकत असते. पृष्ठभागावरच्या बोटभर उंचीच्या लाटाही नीट पाहिल्या तर दिसते की त्यांच्या माथ्यावर जाडसर कण आहेत आणि खळग्यांत बारीक. त्यांच्यावरून ढालकिड्याच्या पायांची टाक्यांसारखी दुहेरी रेघ गेलेली असते. तिरप्या उन्हात तिच्याही सावल्या पडतात. दुपारी बाराच्या उन्हात यातले काहीच दिसत नाही, आणि सहल उशिरा निघण्याचे निम्मे कारण हेच.

जैसलमेरचा सूर्यास्त घड्याळाने उशिरा होतो. भारतीय प्रमाणवेळ ८२.५ अंश रेखांशाची आणि जैसलमेर ७१ अंशांच्या आसपास. एका अंशाला चार मिनिटे धरली तर सूर्य घड्याळाच्या पाऊण तास मागे चालतो. डिसेंबरअखेर तो सहाच्या आसपास मावळतो, नागपूरपेक्षा साधारण वीस मिनिटांनी उशिरा. क्षितिजाजवळच्या धुळीतून येताना प्रकाशातला निळा भाग वाटेतच विखुरतो आणि तांबडा-नारिंगी तेवढा उरतो. बिंबाचा खालचा काठ क्षितिजाला टेकल्यापासून वरचा काठ बुडेपर्यंत अडीच-तीन मिनिटे लागतात. टाळ्या वाजतात, आणि बहुसंख्य लोक उठून छावणीकडे चालू लागतात.

खरे पाहण्यासारखे त्यानंतर घडते, आणि तेही पूर्वेला. बिंब बुडाल्यावर काही मिनिटांनी पूर्व क्षितिजावर राखी-निळा पट्टा वर येऊ लागतो. तो ढग नव्हे, ती वातावरणावर पडलेली पृथ्वीची स्वतःची सावली. तिच्यावर गुलाबी पट्टा असतो. सावली जसजशी चढते तसतसा गुलाबी रंग फिका होत जातो आणि पंधरा-वीस मिनिटांत दोन्ही आकाशात विरतात. इमारती आणि झाडे नसलेल्या सपाट मुलखात हे जितके स्वच्छ दिसते तितके शहरात कधीच दिसत नाही. जो गाइड लोकांना थांबवून पूर्वेकडे तोंड करायला सांगतो, त्याला आपले काम कळते.

पूर्ण काळोख व्हायला सूर्यास्तानंतर सुमारे ८५ मिनिटे लागतात आणि जेवण त्या वेळातच होते. बाजरीची भाकरी, केर-सांगरी, गट्ट्याची भाजी, लसणाची तिखट चटणी. मांगणियार गायक असले तर कमायचा आणि खडताल ही वाद्ये ऐकायला मिळतात. हे मुस्लिम गायक पिढ्यान्‌पिढ्या आपल्या हिंदू जजमानांच्या घरची जन्म-लग्नाची गाणी गात आले आहेत. दुर्दैवाने समच्या कित्येक छावण्यांत ध्वनिवर्धक आणि रंगीत झोत या गाण्याचा गळा घोटतात. या झोतांनी वाळवंटातली सर्वांत मोलाची गोष्ट, म्हणजे काळोख, वाया जाते, आणि हे फार वाईट आहे.

थंडी झपाट्याने पडते. हवेत बाष्प कमी आणि आकाश निरभ्र, त्यामुळे दिवसाची उष्णता थेट वर निघून जाते. दुपारी अर्ध्या बाह्यांत फिरणाऱ्याला रात्री नऊला शाल पुरत नाही. जाड स्वेटर, कानटोपी आणि बंद बूट हवेतच. बूट थंडीसाठी आणि दक्षतेसाठीही, कारण कोकणात ज्याची धास्ती असते ते फुरसे थरच्या वाळूतही राहते. थंडीत ते क्वचितच बाहेर पडते, तरी झुडपांतून अनवाणी फिरू नये.

आकाश पाहण्याआधी डोळे तयार व्हावे लागतात. अंधाराला सरावायला त्यांना वीस ते तीस मिनिटे लागतात, आणि मोबाइलचा पडदा एकदा उजळला की ती मेहनत वाया जाते. म्हणून जाणते गाइड विजेरीच्या काचेला लाल कागद लावतात. मंद तारा सरळ पाहिल्यास दिसेनासा होतो आणि किंचित बाजूला नजर ठेवली की उमटतो, हेही तिथे पहिल्यांदाच कळते.

डिसेंबरअखेर आठच्या सुमारास उत्तरेकडे सप्तर्षी नसतात, ते बहुतेक क्षितिजाखालीच असतात. ध्रुव शोधायचा तो शर्मिष्ठेच्या खुणेने. तो क्षितिजापासून २७ अंशांवर दिसतो, कारण जैसलमेरचा अक्षांश तेवढाच आहे. मुंबईत तो १९ अंशांवर असतो. तळहात लांब करून मोजले तरी हा फरक कळतो. डोक्यावर, माथ्याजवळ, देवयानी दीर्घिकेचा पुसट ठिपका असतो. साध्या डोळ्यांनी दिसणारी ही सर्वांत दूरच्या वस्तूंपैकी एक, आणि तिचा प्रकाश सुमारे २५ लाख वर्षांपूर्वी निघालेला. पूर्वेला कृत्तिकांचा झुबका, त्याखाली तांबूस रोहिणी, मग मृग आणि त्यातली काक्षी. थोड्या वेळाने व्याध उगवतो, आणि क्षितिजाजवळ असेपर्यंत तो लाल-हिरवा लुकलुकत राहतो. दक्षिणेचा अगस्त्य मात्र इथे महाराष्ट्रापेक्षा खाली असतो. फेब्रुवारीच्या मध्यात रात्री साडेनऊला तो सर्वांत उंच येतो तेव्हाही क्षितिजाच्या जेमतेम दहा अंश वर. गावी अगस्त्य उंच पाहायची सवय असलेल्याला आपण किती उत्तरेला आलो हे त्यावरून समजते.

गाइडकडे दुर्बीण असेल तर गुरूचे चार चंद्र आणि शनीची कडी पाहता येतात, ते ग्रह त्या ऋतूत वर असले तर. हिरव्या लेझरने तारे दाखवण्याची पद्धत सोयीची आहे, पण जैसलमेरला हवाई दलाचा तळ आहे, आणि विमान दिसताच लेझर बंद करायला हवा. आकाशगंगेचा घनदाट मध्यभाग हिवाळ्याच्या संध्याकाळी दिसत नाही. शर्मिष्ठेवरून मृगाच्या बाजूने गेलेला तिचा विरळ पट्टा दिसतो, आणि तोही शहरवासीयाला पुरेसा नवा असतो. १३-१४ डिसेंबरच्या रात्री मिथुन राशीतला उल्कावर्षाव असतो. त्या तारखांना चंद्र नसेल तर सहल याच दिवशी ठेवावी.

सहलीची तारीख अमावास्येच्या आगेमागे चार-पाच दिवसांत धरावी. पौर्णिमेच्या चांदण्यात वाळू सुंदर दिसते, पण तारे जातात. क्षितिजावर पवनचक्क्यांचे लाल दिवे लुकलुकत असतात, त्यांचे पर्यटकाला काही करता येत नाही. छावणीतल्या दिव्यांचे मात्र करता येते. महाराष्ट्रातल्या पेंच व्याघ्र प्रकल्पाभोवतीच्या गावांतले रस्त्यावरचे दिवे जमिनीकडे वळवले गेले, आणि जानेवारी २०२४ मध्ये पेंच भारतातले पहिले 'डार्क स्काय पार्क' ठरले. तेव्हा पैसे भरण्याआधी छावणीवाल्याला दोन प्रश्न अवश्य विचारा: ध्वनिवर्धक किती वाजता बंद होतो, आणि जेवणानंतर तासभर सगळे दिवे विझवाल का? दुसऱ्याला 'नाही' उत्तर आले तर दुसरी छावणी शोधा.