फुलझाडांचीं दोन नांवें

आपल्या परिचयाच्या बहुतेक फुलझाडांना दोन नांवें असतात. एक लोकांनीं दिलेलें व घरोघर चालणारें. दुसरें शास्त्रज्ञांनीं दिलेलें व लॅटिन वळणाचें. पहिलें ओठांवर सहज रुळतें, दुसरें परीक्षेपुरतें पाठ होतें व पुढें विसरलें जातें. आपल्या भाषेंत इतकीं सुंदर नांवें असतां हीं परकीं नांवें हवींत कशाला, असा प्रश्न कित्येक विद्यार्थ्यांच्या मनांत येतो. प्रश्न रास्त आहे. म्हणून त्याचें उत्तर येथें थोडक्यांत देण्याचें आम्हीं योजिलें आहे.

प्रथम चाफ्याचें उदाहरण घेऊं. सोनचाफा, पांढरा चाफा, हिरवा चाफा, नागचाफा व भुईचाफा हीं नांवें ऐकून हीं सारीं एका घरचीं भावंडें असावींत असें वाटतें. वस्तुतः तसें नाहीं. सोनचाफा मॅग्नोलियाच्या कुलांतील आहे. पांढऱ्या चाफ्याची फांदी मोडली तर चीक गळतो. तो कण्हेरीचा आप्त असून मूळचा अमेरिकेंतील आहे. हिरवा चाफा सीताफळाच्या कुलांतील, नागचाफा उंडीच्या, तर जमिनीलगत फुलणारा भुईचाफा आलें-हळदीच्या कुलांतील. पांच चाफे, आणि कुलेंही पांच! सुवासिक फूल पाहून लोकांनीं प्रेमानें एकच नांव दिलें, त्यांत वावगें कांहीं नाहीं. परंतु त्या नांवावरून झाडांचें नातें कळत नाहीं.

याच्या उलट प्रकारही आढळतो. आपली जास्वंद हिंदींत गुडहल होते, बंगालींत जबा होते, कानडींत दासवाळ होते. झाड एकच, पण मुलूख बदलला कीं नांव बदललें. मग एका प्रांताच्या अभ्यासकानें लिहिलेलें दुसऱ्या प्रांताच्या अभ्यासकास कळावें कसें?

ही अडचण दूर करण्याचें मोठें श्रेय स्वीडन देशाचे कार्ल लिनिअस (१७०७–१७७८) यांना आहे. त्यांच्यापूर्वीं झाडाचें नांव म्हणजे लॅटिन भाषेंतील एक लांबलचक वर्णनच असे. लिनिअस यांनीं १७५३ सालीं प्रसिद्ध केलेल्या 'स्पीशीज प्लँटारम' या ग्रंथांत प्रत्येक वनस्पतीला दोन शब्दांचें नांव दिलें. पहिला शब्द प्रजातीचा, म्हणजे जणूं आडनांव. दुसरा शब्द जातीचा, म्हणजे जणूं त्या झाडाचें स्वतःचें नांव.

दसऱ्याच्या सोन्याचा आपटा पाहा. त्याचें शास्त्रीय नांव बौहिनिया रेसिमोसा, आणि कांचनाचें बौहिनिया व्हेरिगाटा. आडनांव एकच, तेव्हां हीं दोन्ही झाडें जवळचीं नातलग आहेत हें तत्काळ समजतें. कांचनाचीं पानें आपट्याचीं म्हणून बाजारांत कां खपतात, याचा उलगडाही येथेंच होतो. बौहिन आडनांवाचे दोघे भाऊ नामांकित वनस्पतिशास्त्रज्ञ होते. मधोमध दुभागलेलें तें जोडपान पाहून लिनिअस यांनीं या प्रजातीला त्या बंधुद्वयाचें नांव दिलें. रेसिमोसा म्हणजे मंजरीनें फुलणारें, व्हेरिगाटा म्हणजे रंगीबेरंगी. अर्थ कळला कीं परकें नांवही बोलूं लागतें. शिवाय तीं सर्वस्वीं परकींही नाहींत. सोनचाफ्याचें नांव मॅग्नोलिया चंपाका; त्यांत आपला चंपकच बसलेला आहे. पूर्वीं त्याला मिचेलिया चंपाका म्हणत. पुढें त्याचें मॅग्नोलियाशीं असलेलें निकट नातें अभ्यासानें स्पष्ट झालें, तेव्हां आडनांव बदललें. चंपाका मात्र कायम राहिलें.

नांवांचा हा भेद केवळ पंडितांच्या कामाचा नव्हे. कधीं कधीं त्यावर प्राण अवलंबून असतो. धोत्रा हा वांग्या-बटाट्याच्या कुलांतील असून त्याची प्रजाति डाटुरा होय. पिवळा धोत्रा म्हणून ज्याला म्हणतात, तें ओसाड जागीं उगवणारें काटेरी झाड मात्र आर्जेमोन मेक्सिकाना. तें खसखशीच्या कुलांतील आहे. दोन्ही विषारी, पण विषें निराळीं. धोत्र्यानें तोंड कोरडें पडतें, डोळ्यांच्या बाहुल्या विस्फारतात व माणूस बरळूं लागतो. पिवळ्या धोत्र्याच्या बियांचें तेल पोटांत गेल्यास पाय सुजतात व हृदयावर परिणाम होतो. त्याचें बीं मोहरीसारखें दिसतें. १९९८ सालीं दिल्लींत मोहरीच्या तेलांत या तेलाची भेसळ होऊन साठांहून अधिक माणसें दगावलीं. तेव्हां मुलानें 'धोत्रा' खाल्ला एवढेंच डॉक्टरांस सांगणें पुरेसें नाहीं. पालकांनीं अशा प्रसंगीं वेळ न दवडतां मुलाला दवाखान्यांत न्यावें, व त्या झाडाची फांदी फुलाफळासह बरोबर घ्यावी.

म्हणून, विद्यार्थिमित्रांनो, दोन्ही नांवांचा आदर करा. लोकांचें नांव झाड आपल्या जिवाला कसें भावलें तें सांगतें. शास्त्राचें नांव तें कोणाचें कोण तें सांगतें. येत्या सुटींत एक वही करा. प्रत्येक पानावर एक फूल वाळवून चिकटवा, त्याखालीं गांव व तारीख लिहा. घरांतील आजी-आजोबांना त्याचें नांव विचारा. त्यांना ठाऊक असलेलीं कित्येक नांवें कोणत्याही पुस्तकांत सांपडणार नाहींत, आणि आज लिहून घेतलीं नाहींत तर तीं त्यांच्याबरोबरच जातील. शास्त्रीय नांव मागाहून शिक्षकांच्या मदतीनें शोधतां येईल. तें कोठें जात नाहीं.